भोपळ्यांचा हंगाम

शिकागो विद्यापीठाने १९३९ च्या डिसेंबरात फुटबॉल बंद केला, तेव्हा पुष्कळांना एखाद्या जुन्या देवस्थानाने वर्षाची पालखी बंद करावी तसे वाटले. ॲमॉस अलोन्झो स्टॅग या प्रशिक्षकाने चाळीस वर्षे जिथे हा खेळ शिकवला आणि घडवला, ते हे विद्यापीठ. जे बरवँगर या याच विद्यापीठाच्या खेळाडूला १९३५ मध्ये सर्वोत्तम कॉलेज खेळाडूची पहिली हाइझमन ट्रॉफी मिळाली होती. त्यानंतर चारच वर्षांत दशा अशी झाली की मिशिगनने त्यांना ८५–० असे झोडपले, ओहायो स्टेटने ६१–० आणि हार्वर्डनेही ६१–०. विद्यापीठाचे अध्यक्ष रॉबर्ट हचिन्स यांना हा खेळ मुळातच विद्यापीठाच्या कामाचा वाटत नव्हता. त्यांनी संघच मोडीत काढला. स्टॅग फील्डचे स्टँड ओस पडले, आणि २ डिसेंबर १९४२ रोजी त्याच स्टँडखालच्या एका कोर्टात एन्रिको फर्मी यांनी जगातली पहिली नियंत्रित अणु-साखळी प्रक्रिया घडवून आणली. फुटबॉल सोडल्याने विद्यापीठाचे काही अडत नाही, याला याहून मोठा दाखला कुठून आणायचा?

शिकागोच्या उत्तर वेशीबाहेर, मिशिगन सरोवराच्या काठी, एव्हॅन्स्टन नावाचे गाव आहे. तिथल्या नॉर्थवेस्टर्न विद्यापीठापुढेही कालांतराने हाच प्रश्न आला. त्यांनी उत्तर उलटे दिले. हरायचे, पण खेळत राहायचे. ते उत्तर किती महागात पडले, आणि मुख्य म्हणजे कुणाला महागात पडले, त्याची ही हकीकत आहे. तिचा सगळ्यात काळा भाग १९८१ च्या हंगामात येतो.

नॉर्थवेस्टर्न १८५१ साली मेथडिस्ट मंडळींनी काढले. गावावर त्यांचा वचक असा, की विद्यापीठापासून चार मैलांच्या आत दारू विकायला बंदी होती, आणि एव्हॅन्स्टनमधल्या हॉटेलांत कायद्याने ग्लास भरायला १९७२ साल उजाडावे लागले. अशा सोवळ्या गावातले हे विद्यापीठ १८९६ मध्ये मध्य-पश्चिमेतल्या बड्या विद्यापीठांच्या संघटनेत, म्हणजे आजच्या बिग टेनमध्ये, संस्थापक म्हणून सामील झाले. शिकागो विद्यापीठही त्या संस्थापकांत होते. ते बाहेर पडल्यावर उरलेल्यांत नॉर्थवेस्टर्न एकटेच खासगी. मिशिगन, ओहायो स्टेट, विस्कॉन्सिन, इलिनॉय, इंडियाना, आयोवा, पर्ड्यू, मिनेसोटा आणि नंतर आलेले मिशिगन स्टेट ही सगळी सरकारी विद्यापीठे, एकेकाच्या पटावर तीस-तीस, चाळीस-चाळीस हजार विद्यार्थी. नॉर्थवेस्टर्नमध्ये पदवीचे विद्यार्थी सात हजारांच्या आसपास, फी भरमसाट आणि प्रवेशाची चाळणी बारीक.

मराठी वाचकासाठी खेळाबद्दल थोडे सांगायला हवे. आपण ज्याला फुटबॉल म्हणतो तो हा नव्हे. चेंडू लंबगोल, मैदान शंभर यार्डांचे, दोन्ही बाजूंना अकरा-अकरा गडी, अंगावर चिलखतासारखी गादी आणि डोक्यावर हेल्मेट. चेंडू ज्याच्या ताब्यात, त्या संघाला दहा यार्ड पुढे सरकायला चार संधी मिळतात. सरकला तर पुन्हा चार, नाही तर चेंडू समोरच्याकडे. शेवटच्या रेषेपार गेले की टचडाउनचे सहा गुण, वर लाथेचा एक. लांबून लाथ मारून चेंडू दोन खांबांमधून काढला तर तीन. क्वार्टरबॅक चेंडू फेकतो आणि टाळ्या घेतो. पण खेळाचा खरा निकाल लागतो तो त्याच्या पुढे वाकून उभ्या असलेल्या पाच धिप्पाड गड्यांच्या रांगेत. ही रांग समोरच्यांना थोपवू शकली नाही, तर मागे कितीही हुशार क्वार्टरबॅक असो, तो पाठीवर पडलेलाच दिसतो. आणि धिप्पाड गडी अठराव्या वर्षी तयार मिळत नाहीत. त्यांना दोन-तीन वर्षे खाऊ घालून, वजने उचलायला लावून तयार करावे लागते. ज्या संघाकडे मुलांची रास आहे, तो पहिल्या वर्षाच्या पोरांना बाकावर बसवून पोसतो. ज्याच्याकडे नाही, तो त्यांना थेट मैदानात ढकलतो. बावीस वर्षांच्या जवानासमोर अठरा वर्षांचे पोर उभे राहिले की काय व्हायचे ते होते.

नॉर्थवेस्टर्न नेहमीच असे हरत नव्हते, हे आधी नोंदवतो. १९४९ च्या पहिल्या दिवशी त्यांनी रोज बोल या हंगामाअखेरच्या मानाच्या सामन्यात कॅलिफोर्नियाला २०–१४ असे हरवले होते. ऑटो ग्रॅहम हा व्यावसायिक फुटबॉलमध्ये दंतकथा झालेला क्वार्टरबॅक इथलाच. आरा पार्सेगियन प्रशिक्षक असताना १९५७ मध्ये संघ नऊपैकी नऊ सामने हरला, पण तेच पार्सेगियन १९६२ मध्ये त्याला देशात पहिल्या क्रमांकापर्यंत घेऊन गेले. शेजारच्या नोत्र दामला त्यांनी लागोपाठ चार वेळा हरवले. शेवटी नोत्र दामने शहाणपणा केला आणि १९६४ साली पार्सेगियन यांनाच उचलून नेले. पुढे ॲलेक्स अगासी यांच्या हाताखाली १९७० आणि १९७१ मध्ये संघ बिग टेनमध्ये दुसरा आला.

घसरण सुरू झाली ती त्यानंतर. बिग टेनमध्ये तेव्हा मिशिगन आणि ओहायो स्टेट या दोघांचेच राज्य होते. १९६९ ते १९८१ अशी सलग तेरा वर्षे संघटनेतर्फे रोज बोलला या दोघांखेरीज कुणी गेलेच नाही. लोक ‘बिग टू आणि लिटल एट’ असे गमतीने म्हणत. त्या आठांतही नॉर्थवेस्टर्न तळाला. १९७८ मध्ये रिक व्हेंटुरी या तिथल्याच माजी क्वार्टरबॅककडे संघ आला. पहिल्याच सामन्यात इलिनॉयशी ०–० अशी बरोबरी झाली, उरलेले दहाही सामने संघ हरला. १५ सप्टेंबर १९७९ रोजी वायोमिंगला त्यांनी २७–२२ असे हरवले. व्हेंटुरींच्या तीन वर्षांतला तो एकमेव विजय. त्या हंगामातले पुढचे नऊ सामने हरले, १९८० चे अकराच्या अकरा हरले. संघात खदखद होती. कृष्णवर्णीय खेळाडूंनी आपल्या तक्रारी उघडपणे मांडल्या. हंगाम संपताच विद्यापीठाने व्हेंटुरी आणि क्रीडा संचालक जॉन पाँट या दोघांनाही घरी पाठवले. व्हेंटुरींच्या खात्यावर तेव्हा एक विजय, एकतीस पराभव आणि एक बरोबरी होती.

नवे क्रीडा संचालक डग सिंगल स्टॅनफर्डहून आले, आणि प्रशिक्षकही त्यांनी स्टॅनफर्डमधूनच निवडला. हे डेनिस ग्रीन. वय अवघे एकतीस. पेन्सिल्व्हेनियातल्या हॅरिसबर्गचा मुलगा, लहानपणीच आईबाप गेलेले, आयोवा विद्यापीठाच्या संघात चेंडू घेऊन धावणारा गडी म्हणून खेळलेला. स्टॅनफर्डला आणि मग सॅन फ्रान्सिस्कोच्या व्यावसायिक संघात त्यांनी बिल वॉल्श यांच्याकडे उमेदवारी केली होती. १९८० मध्ये परत स्टॅनफर्डला आक्रमणाची सूत्रे त्यांच्या हाती होती आणि क्वार्टरबॅक होता जॉन एल्वे. तिथून थेट एव्हॅन्स्टन. बिग टेनच्या इतिहासातले ते पहिले कृष्णवर्णीय मुख्य फुटबॉल प्रशिक्षक. सबंध देशात सर्वांत वरच्या श्रेणीत त्यांच्याआधी एकच नेमणूक झाली होती, १९७९ मध्ये विचिटा स्टेटला विली जेफ्रीज यांची. आता विचार करा, ज्या गाडीची चाके निखळली आहेत तीच पहिल्यांदा हाती द्यायची, ही संधी म्हणायची की परीक्षा? अमेरिकी खेळांत कृष्णवर्णीय प्रशिक्षकांच्या वाट्याला अशाच जागा फार वेळा आल्या आहेत. ग्रीन यांनी मात्र ती घेतली, आणि तक्रार न करता घेतली.

१९८१ च्या हंगामाची सुरुवात १२ सप्टेंबरला इंडियानाविरुद्ध झाली. नॉर्थवेस्टर्न हरले ते २१–२० असे, एका गुणाने. हा आकडा मला या सगळ्या कहाणीत सर्वांत छळणारा वाटतो. पुढे जे घडले त्याच्या तुलनेत तो जवळजवळ विजयच होता. आणि पराभवांची साखळी तिथेच तुटली असती, तर या हंगामाबद्दल आज कुणी चार ओळीही लिहिल्या नसत्या.

पुढच्या आठवड्यात आर्कान्सॉने ३८–७ असे हरवले. त्यानंतर युटाने ४२–०. युटा काही बिग टेनमधले नव्हते, दरारा असलेले नाव नव्हते. तिथे भोपळा मिळाला तेव्हाच पुढची वाट दिसली असणार.

३ ऑक्टोबरला आयोवा आले. डेनिस ग्रीन जिथे खेळले, ती त्यांची स्वतःची शाळा. आयोवाची गोष्टही ध्यानात घेण्यासारखी आहे. १९६२ पासून १९८० पर्यंत, एकोणीस वर्षे, त्यांच्या संघाला हरलेल्यापेक्षा अधिक सामने जिंकलेला एकही हंगाम मिळाला नव्हता. पराभवाची चव कुणाला ठाऊक असेल तर ती आयोवाला. हेडन फ्राय या टेक्सासच्या प्रशिक्षकाने त्यांना नुकतेच उभे केले होते आणि त्याच वर्षी त्यांनी मिशिगन-ओहायो स्टेटची मक्तेदारी मोडून रोज बोल गाठला. त्या वाटेवर त्यांनी नॉर्थवेस्टर्नला ६४–० असे तुडवले. कालचा दुबळा आजच्या दुबळ्याला हात राखून मारतो, असा अनुभव खेळात तरी सहसा येत नाही.

चौसष्ट गुण होतात तरी कसे, हे एकदा पाहायला हवे. आक्रमणाला दहा यार्ड सरकता येत नाही, म्हणून चेंडू लगेच समोरच्याकडे जातो. मग बचावाचे गडी मैदानात उतरतात. ते जेमतेम पाणी पितात, तोवर पुन्हा त्यांचीच पाळी. चौथ्या सत्रापर्यंत त्यांचे पाय शिशाचे झालेले असतात. समोरचा प्रशिक्षक दयेने म्हणा, पुढच्या आठवड्याच्या विचाराने म्हणा, आपले मुख्य खेळाडू बसवून राखीव उतरवतो. पण ज्या राखीव पोराला वर्षभर संधी मिळालेली नसते, तो जीव तोडून धावतो. त्याच्यासाठी हा दिवस सोन्याचा. त्यामुळे दुसऱ्या अर्धात गुण थांबत नाहीत, कधी उलट वाढतात. आणि दुखापती ज्या व्हायच्या त्या थकलेल्या संघालाच होतात. मग पुढच्या शनिवारी आणखी कोवळी पोरे उभी राहतात. हरण्याचे असे एक चक्र असते. ते एकदा फिरू लागले की नुसत्या जिद्दीने थांबत नाही. मैदानाबाहेरून ‘मुलांनी मनावर घेतले नाही’ असे म्हणणाऱ्यांना हे कधी दिसत नाही.

मिनेसोटाविरुद्ध संघाने चक्क २३ गुण काढले, दिले ३५. त्यानंतरचे तीन सामने असे: पर्ड्यू ३५–०, मिशिगन ३८–०, विस्कॉन्सिन ५२–०. तीन शनिवार, तीन भोपळे. ऑक्टोबर संपला तेव्हा सलग अठ्ठावीस पराभव झाले होते.

अठ्ठावीस हा आकडा साधा नव्हता. बड्या विद्यापीठांत सलग पराभवांचा विक्रम तितकाच होता. १९४५ ते १९४८ मध्ये कॅन्सस स्टेटने तो केला होता आणि १९५८ ते १९६० मध्ये व्हर्जिनियाने त्याची बरोबरी केली होती. आता नॉर्थवेस्टर्न त्यांच्या पंगतीला बसले. ७ नोव्हेंबरला स्वतःच्या डायक स्टेडियमवर मिशिगन स्टेटशी सामना होता. हरले की विक्रम त्यांच्या एकट्याच्या नावावर.

इथे प्रेक्षकांकडे वळायला हवे, कारण या हंगामाला जी प्रसिद्धी मिळाली ती खेळाडूंपेक्षा त्यांच्यामुळे मिळाली. नॉर्थवेस्टर्नमध्ये मेडिल नावाची देशातली नामवंत पत्रकारिता शाळा आहे, नाटकाचे शिक्षणही नाव काढण्याजोगे. थोडक्यात, शब्दांवर पोट भरणारी मंडळी तयार करण्याचा तो कारखाना. अशा ठिकाणचा संघ दर शनिवारी आपटत असेल तर विनोदाला तोटा कसा पडेल? शिकागोवरून जाणाऱ्या ९४ क्रमांकाच्या महामार्गाला तिथे ‘इंटरस्टेट ९४’ म्हणतात. त्या पाटीखाली कुणीतरी ‘नॉर्थवेस्टर्न ०’ असे रंगवले, आणि पाटी सामन्याच्या निकालासारखी वाचता येऊ लागली. हा विनोद देशभर फिरला. स्टँडमधले विद्यार्थी मार्शमेलो नावाच्या मऊ गोळ्या एकमेकांवर फेकत. सरकारी विद्यापीठाचा संघ जिंकत आला की ते समोरच्या बाजूला उद्देशून ओरडत, जिंका हो, उद्या आमच्याच हाताखाली नोकरीला याल. किल्ल्यांचे जुडगे खुळखुळवत. म्हणजे गाड्या आमच्या, घरे आमची.

मला या विनोदाचे अर्धे कौतुक वाटते. हरण्याचे सुतक न पाळता त्याची टर उडवणे ही निरोगी गोष्ट आहे, विशेषतः ज्या देशात काही गावे शनिवारच्या निकालावर आठवडाभर जेवत नाहीत तिथे. पण उरलेला अर्धा भाग खटकतो. आमच्या हाताखाली याल, हे म्हणणारा मुलगा श्रीमंतांच्या विद्यापीठातला. आणि ज्यांच्या जिवावर तो हे म्हणतो आहे त्या मैदानातल्या पोरांपैकी कितीतरी शिष्यवृत्तीवर आलेली, शिकागोच्या दक्षिण भागातल्या सरकारी शाळांतून आलेली. फासळ्या त्यांच्या मोडत होत्या, आणि विनोद वरच्या रांगेत बसलेल्यांचा होता.

७ नोव्हेंबरला मिशिगन स्टेटने ६१–१४ असा सामना जिंकला. एकोणतिसावा पराभव, नवा विक्रम. शिट्टी वाजली आणि विद्यार्थी मैदानात घुसले. एरवी कॉलेजची मुले मैदानात घुसतात ती मोठ्या विजयानंतर. इथे ती ‘आम्हीच सर्वांत वाईट!’ असे ओरडत घुसली आणि त्यांनी गोलपोस्ट उखडून टाकले. घामाने निथळलेले खेळाडू त्या गर्दीतून वाट काढत आत जात असतील, तेव्हा आपल्याच विद्यापीठाच्या जल्लोषाकडे त्यांनी कसे पाहिले असेल, याची कल्पना करणे कठीण नाही. वर्तमानपत्रांना हवी ती बातमी मिळाली. नॉर्थवेस्टर्नच्या फुटबॉलचे नाव इतक्या वर्तमानपत्रांत एकाच दिवशी त्याआधी क्वचितच आले असेल.

विद्यापीठाच्या कार्यालयातली हवा काही निराळी होती. अध्यक्ष रॉबर्ट स्ट्रॉट्झ हे अर्थशास्त्रज्ञ. संघ वाईट असल्याने अभ्यासाचा दर्जा राखायला मदतच होऊ शकते, अशा अर्थाचे त्यांचे एक वाक्य त्या काळात फार गाजले आणि त्यांना अखेरपर्यंत चिकटून राहिले. बिग टेन सोडून लहान विद्यापीठांत खेळावे, अशी कुजबुज होती. पण हचिन्स यांच्यासारखी कुऱ्हाड चालवायला कुणी तयार नव्हते. कारणे उघड आहेत. मिशिगनच्या मैदानावर लाखावर माणसे तिकीट काढून बसत, आणि त्या गल्ल्यात पाहुण्या संघाचाही वाटा असे. रोज बोलला कुणीही जावो, तिथले उत्पन्न संघटनेतल्या दहाही विद्यापीठांत वाटले जाई. शिवाय फुटबॉलच्या निमित्ताने देणगी देणारे माजी विद्यार्थी निराळेच. हिशेब मांडला तर ३८–० असे हरून यायलाही मोबदला होता. अर्थशास्त्रज्ञाला हे कळायला वेळ लागला नसावा. फक्त हा मोबदला ज्याच्या खात्यात जमा होई, मार त्याला बसत नव्हता. शिकागो विद्यापीठाने १९३९ मध्ये आपल्या मुलांना यातून सोडवले. एव्हॅन्स्टनच्या मुलांना कुणी विचारलेसुद्धा नाही. माझ्या मते हचिन्स यांचा निर्णय उद्धट असेल, पण प्रामाणिक होता.

पुढच्या शनिवारी कोलंबसमध्ये ओहायो स्टेटने ७०–६ असा फडशा पाडला. अकराव्या सामन्यात इलिनॉयने ४९–१२. हंगाम संपला. बेरीज केली तर संघाने ८२ गुण मिळवले आणि ५०५ दिले. म्हणजे दर सामन्यात साधारण सात मिळवायचे आणि सेहेचाळीस द्यायचे. पाच सामन्यांत भोपळा. इंडियानाविरुद्धचा तो एक गुण आता फार दूर राहिला होता.

अशा संघातही एक हिरा होता, हे सांगायचे राहू नये. क्रिस हिंटन हा शिकागोच्या वेंडेल फिलिप्स शाळेचा मुलगा. लाइनबॅकर म्हणून आला, मग टाइट एंडला खेळला, आणि ग्रीन यांच्या काळात क्वार्टरबॅकला राखणाऱ्या रांगेत टॅकलच्या जागी उभा राहिला. चार वर्षे तो जवळजवळ केवळ हरला. १९८३ च्या व्यावसायिक निवडीत मात्र डेन्व्हरने त्याला देशात चौथ्या क्रमांकावर घेतले. पहिल्या क्रमांकावर बाल्टिमोरने निवडला होता जॉन एल्वे, ग्रीन यांचा स्टॅनफर्डचा क्वार्टरबॅक. एल्वेने बाल्टिमोरला खेळायला साफ नकार दिला, आणि काही दिवसांत अदलाबदल ठरली. एल्वे डेन्व्हरला, त्याच्या बदल्यात हिंटन, मार्क हर्मन हा राखीव क्वार्टरबॅक आणि पुढल्या वर्षीचा पहिल्या फेरीतला हक्क बाल्टिमोरला. अमेरिकी फुटबॉलमधल्या सगळ्यात गाजलेल्या सौद्यांपैकी हा एक. लोकांना त्यातला एल्वे आठवतो. हिंटन पुढे सात वेळा प्रो बोलसाठी, म्हणजे व्यावसायिकांतल्या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी, निवडला गेला. ७०–६ च्या धावफलकावर असा माणूस कुठेच दिसत नाही.

१९८२ चा हंगामही तसाच सुरू झाला. इलिनॉयने ४९–१३, इंडियानाने ३०–०, आणि ओहायोतल्या मायामी विद्यापीठाने २७–१३. चौतीस पराभव झाले. मग २५ सप्टेंबरला डायक स्टेडियमवर नॉर्दर्न इलिनॉय आले. निकाल ३१–६, आणि पहिल्यांदाच मोठा आकडा नॉर्थवेस्टर्नचा. वायोमिंगवरच्या विजयानंतर तीन वर्षे दहा दिवसांनी. गोलपोस्ट पुन्हा उखडले गेले, या खेपेस खऱ्या आनंदाने, आणि मुलांनी ते मिरवत नेऊन मिशिगन सरोवरात बुडवले. मधल्या काळात जी मुले विद्यापीठात आली होती, त्यांनी आपला संघ जिंकताना पाहिलाच नव्हता.

त्या वर्षी ग्रीन यांनी आणखी दोन विजय मिळवले. मिनेसोटाला ३१–२१ असे हरवले तो १९७७ नंतरचा बिग टेनमधला पहिलाच विजय. दुसरा मिशिगन स्टेटवर २८–२४, ज्यांनी आदल्या वर्षी विक्रमाचा धोंडा गळ्यात बांधला होता त्यांच्यावर. मिशिगनविरुद्ध सँडी श्वाब या क्वार्टरबॅकने एकाच सामन्यात ७१ वेळा चेंडू फेकला आणि ४५ वेळा तो आपल्या गड्याच्या हातात पडला. सामना अर्थात हरले. तीन विजय, आठ पराभव, आणि एवढ्यावर डेनिस ग्रीन बिग टेनचे त्या वर्षीचे सर्वोत्तम प्रशिक्षक ठरले. ज्यांनी मते दिली त्यांना खेळ कळत होता म्हणायचे. पाच वर्षांत ग्रीन यांचे एकूण दहा विजय आणि पंचेचाळीस पराभव झाले. पुढे ते मिनेसोटा व्हायकिंग्ज या व्यावसायिक संघाकडे गेले, तिथे १९९८ च्या हंगामात सोळापैकी पंधरा साखळी सामने जिंकले. २०१६ मध्ये ते वारले.

सलग पराभवांचा आकडा नॉर्थवेस्टर्नकडेही फार काळ राहिला नाही. न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठाने, तेही असेच अभ्यासू आणि श्रीमंत, १९८७ मध्ये तो मागे टाकला आणि १९८८ च्या ऑक्टोबरात प्रिन्स्टनला हरवण्याआधी चव्वेचाळीसपर्यंत नेला. त्यानंतर टेक्सासचे प्रेअरी व्ह्यू आले. एकेकाळी कृष्णवर्णीय विद्यापीठांचे विजेतेपद पाच वेळा मिळवलेला हा संघ पैशांअभावी असा खचला, की १९९८ पर्यंत सलग ऐंशी सामने हरला. तिथे किल्ल्या खुळखुळवणारे कुणी नव्हते, आणि त्यांचे हरणे देशाला तितके मजेदारही वाटले नाही. हे दोघेही खालच्या श्रेणीतले. सर्वांत वरच्या श्रेणीत नॉर्थवेस्टर्नचे चौतीस अजून कुणाला ओलांडता आलेले नाहीत.

विजयांपेक्षा पराभव कमी असलेला हंगाम मात्र एव्हॅन्स्टनला १९७१ नंतर थेट १९९५ मध्येच आला. गॅरी बार्नेट प्रशिक्षक होते. २ सप्टेंबरला नोत्र दामच्या मैदानावर संघाने १७–१५ असा विजय मिळवला. जिंकलात तर मला खांद्यावर घेऊन नाचू नका, जिंकायलाच आलो होतो असे वागा, असे बार्नेट यांनी मुलांना आधीच बजावले होते. त्या वर्षी नॉर्थवेस्टर्न बिग टेनचे विजेते झाले आणि सत्तेचाळीस वर्षांनी रोज बोल खेळले. पण नोत्र दामनंतरच्या लगेचच्या सामन्यात, स्वतःच्या मैदानावर, २८–७ अशी आघाडी घालवून ते ३०–२८ असे हरले. हरवणारे होते ओहायोतले तेच मायामी विद्यापीठ, चौतिसावा पराभव ज्यांनी दिला होता. त्यांच्या प्रशिक्षकाचे नाव रँडी वॉकर. बार्नेट कोलोरॅडोला निघून गेल्यावर, १९९९ मध्ये, नॉर्थवेस्टर्नने वॉकर यांनाच बोलावून आपला संघ त्यांच्या हाती दिला.